मुक्काम मोडू देणार नाही: भीमाकाठचा जाहीरनामा

आम्ही उजनी जलाशयाच्या काठावरची माणसे हा जाहीरनामा मांडत आहोत. आमच्यात इंदापूर, दौंड, करमाळा, कर्जत आणि माढा तालुक्यांतले भोई आहेत, धरणात जमिनी गेलेले शेतकरी आहेत, उसाचे बागायतदार आहेत, शाळामास्तर आहेत आणि हिवाळा लागला की पुण्या-सोलापुराहून दुर्बिणी घेऊन येणारे पक्षिमित्रही आहेत. एरवी पाण्यावरून आमची आपसांत भांडणे होतात आणि पुढेही होतील. एका गोष्टीवर मात्र आमचे एकमत झाले आहे. दर हिवाळ्यात आमच्या पाण्यावर उतरणाऱ्या पक्ष्यांचा इथला मुक्काम आम्ही मोडू देणार नाही.

भरतपूरने शिकवलेले

भरतपूरच्या केवलादेव उद्यानात १९६०च्या दशकात सुमारे दोनशे सायबेरियन क्रौंच हिवाळा काढत. पश्चिम सायबेरियात, ओब नदीच्या खोऱ्यातल्या दलदलीत त्यांची वीण होई. तिथून कझाकस्तान, अफगाणिस्तान आणि पाकिस्तान ओलांडून ते राजस्थानात उतरत. केवलादेवला १९८२ साली राष्ट्रीय उद्यानाचा आणि १९८५ साली जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. इतका बंदोबस्त देशातल्या फार थोड्या तळ्यांच्या वाट्याला आला असेल. तरीही क्रौंच घटत गेले. वाटेत त्यांच्यावर बंदुका चालत होत्या आणि अफगाणिस्तानातल्या त्यांच्या विसाव्याच्या तळ्याला युद्धाने आणि दुष्काळाने ग्रासले होते. २००१-०२ च्या हिवाळ्यात शेवटची जोडी आली. त्यानंतर भरतपूरला सायबेरियन क्रौंच आला नाही.

या घटनेचा अर्थ आम्ही असा लावतो. वाटेवरचा एक टप्पा कितीही जपला, तरी दुसरा मोडला की वाट बंद होते. तो मोडणारा टप्पा उद्या आमचा असू शकतो. सायबेरियातल्या दलदलीचे आम्ही काही करू शकत नाही, पण भीमेच्या काठाचे करू शकतो.

भरतपूरचा आणखी एक धडा आहे आणि तो आम्हाला तितकाच महत्त्वाचा वाटतो. १९८२ साली उद्यानात गुरे चारायला बंदी झाली. आसपासच्या गावांशी बोलणे झाले नव्हते; संघर्ष पेटला, पोलिसांचा गोळीबार झाला, माणसे मेली. पुढे बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या अभ्यासातून दिसले की म्हशी चरत असताना जे गवत काबूत राहत होते, तेच बंदीनंतर माजले आणि त्याने उथळ पाणी झाकून टाकले. माणसाला हाकलून पक्षी वाचत नाहीत, हे आम्ही तिथून शिकलो.

ही वाट कुठून कुठे जाते

आमच्याकडे येणारे बहुतेक पाहुणे मध्य आशियाई उड्डाणमार्गावरून येतात. उत्तर ध्रुवीय महासागरापासून हिंदी महासागरापर्यंतचा हा पट्टा तीस देशांत पसरला आहे आणि स्थलांतर करणाऱ्या पाणपक्ष्यांच्या १८२ जाती त्याच्या आधाराने जगतात. तलवार बदके आणि थापटे उत्तरेच्या मैदानांतून येतात. पट्टकादंब मंगोलिया, तिबेट आणि लडाखच्या तळ्यांवर पिल्ले वाढवतात आणि थंडीच्या तोंडाशी हिमालय ओलांडतात. उपग्रहाशी जोडलेली यंत्रे पाठीवर बांधून संशोधकांनी त्यांचा माग काढला, तेव्हा ७,२९० मीटर उंचीवर उडत असल्याची नोंद मिळाली. रोहितांचे, म्हणजे फ्लेमिंगोंचे, वेगळे आहे. त्यांची मोठी वीण कच्छच्या रणात होते, म्हणजे त्यांची वाट बरीचशी देशातल्या देशात आहे. पण तीही तितकीच नाजूक आहे.

आमची भीमा पुढे पंढरपूरला जाते, म्हणून आम्हाला हे समजायला अवघड नाही. पालखीच्या वाटेवरच्या एखाद्या गावाने सांगितले की यंदा आमच्याकडे पाणी नाही, उतरायला जागा नाही, तर त्या दिंडीने पुढचा टप्पा कोणत्या बळावर गाठायचा? पक्ष्यांचेही तसेच आहे. लांबच्या उड्डाणाचे इंधन म्हणजे अंगावरची चरबी. ती प्रवासात झिजते आणि उतरलेल्या ठिकाणी खाऊन पुन्हा भरावी लागते. मार्च-एप्रिलमध्ये उत्तरेला निघणारा पक्षी इथून रोड अंगाने निघाला, तर त्याचा मृत्यू आमच्या डोळ्यांदेखत होणार नाही. पण त्याचे कारण आमच्याच काठावर असेल.

पक्ष्यांचा हिशोब इंचात होतो

उजनीची साठवण ११७ टीएमसी, हे आमच्याकडे शाळेतल्या पोरालाही पाठ असते. पक्ष्यांना मात्र टीएमसीशी देणेघेणे नाही. त्यांचा हिशोब इंचात होतो.

गुडघाभर पाण्यात उभा असलेला रोहित जवळून पाहा. तो मान खाली सोडतो, चोच उलटी धरतो आणि जीभ मागेपुढे करत पाणी आत ओढून चोचीच्या कडेच्या बारीक झालरीतून बाहेर टाकतो. आत उरतात ते शेवाळ, अळ्या, पाण्यातले बारीक जीव. शेजारी पाणटिवळा लांब चोच मुळापर्यंत चिखलात खुपसतो. डोळ्यांना न दिसणारा किडा त्याला चोचीच्या टोकाने कळतो. तलवार बदक शेपटी वर करून डोके बुडवते आणि मान पोहोचेल तेवढेच खाते. शेकाट्या घोट्याएवढ्या पाण्यात चालत वेचतो. यांच्यातल्या कोणालाही भिंतीजवळचे खोल पाणी उपयोगाचे नाही. त्यांना हवा तो काठ: उथळ, ओला, मऊ आणि जिवंत.

आज सगळीकडून या काठालाच कुरतडले जात आहे. वाळू उपसली जाते तिथे उथळाचा डोह होतो आणि तो पुन्हा भरून यायला कित्येक पावसाळे जातात. आवर्तन एकदम सोडले की काठ झपाट्याने मागे सरकतो, चिखल उन्हाने कडक होतो आणि चोच आत जात नाही. पुणे आणि पिंपरी-चिंचवडचे सांडपाणी मुळा-मुठेतून भीमेत आणि भीमेतून आमच्याकडे येते. त्यावर जलपर्णी पोसते आणि काठ झाकला जातो. बारीक आसाची जाळी माशांची पिल्ले गाळून नेतात. त्यात भोयांचे उद्याचे पोट जाते आणि सुरय-बगळ्यांचे आजचे. आणि रोहितांचा थवा उडताना फोटो मिळावा म्हणून यांत्रिक बोट थेट थव्यात घातली जाते. चरणारा पक्षी दिवसातून चार वेळा उठवला की त्याने खाल्लेले उडण्यातच खर्च होते.

धरणग्रस्तांना आमचा शब्द

धरण १९८० साली पूर्ण झाले. ज्यांची गावे त्यात गेली, त्यांना आजवर बरेच शब्द मिळाले आणि थोडे पाळले गेले. त्यामुळे पक्षी हा शब्द उच्चारला की गाळपेर, म्हणजे पाणी ओसरल्यावर उघड्या गाळात होणारी शेती, जाईल आणि मासेमारीचे परवाने जातील अशी भीती वाटते. ही भीती खरी आहे आणि ती दूर करणे हे या चळवळीचे पहिले काम आहे.

म्हणून आम्ही स्पष्ट सांगतो: आम्हाला जलाशयाभोवती कुंपण नको. वन्यजीव संरक्षण कायद्यात २००२ च्या दुरुस्तीने ‘संवर्धन राखीव’ हा मार्ग आला. सरकारी जमिनीवर, स्थानिकांशी विचारविनिमय करून, ग्रामपंचायतींचे प्रतिनिधी समितीवर घेऊन हे क्षेत्र राखता येते. आम्हाला तो मार्ग हवा आहे.

हे स्वप्नरंजन नाही. ओडिशात चिलिकाच्या काठी मंगलाजोडी हे गाव पाणपक्ष्यांच्या शिकारीसाठी ओळखले जाई. तिथल्याच शिकाऱ्यांनी राखणीचे काम हाती घेतले आणि आता ते नावाडी आणि वाटाडे म्हणून कमावतात. राजस्थानातल्या खीचन गावात कांड्या करकोच्यांसाठी गावकरी पिढ्यान्‌पिढ्या धान्य टाकत आले. २०२५ साली त्या जागेला आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळीचा रामसर दर्जा मिळाला. आमच्याही काठावर भोयांची पोरे हिवाळ्यात पाहुण्यांना नावेतून पक्षी दाखवतात. पक्षी टिकले तर ही रोजी टिकेल.

आमच्या मागण्या

१. कालवा सल्लागार समितीच्या बैठकीत पिण्याचे पाणी, शेती आणि उद्योग यांच्याबरोबर काठाचाही विचार व्हावा. प्यायच्या पाण्याला आणि पिकाला आमचा विरोध नाही. शक्य असेल तिथे डिसेंबर ते मार्च या काळात पातळी टप्प्याटप्प्याने उतरवावी, एवढेच मागणे आहे.

२. वरच्या अंगाच्या शहरांनी सांडपाणी शुद्ध केल्याशिवाय नदीत सोडू नये. हे पाणी पक्ष्यांच्या आधी आमची लेकरे पितात.

३. उथळ काठ आणि बेटे यांची गावनिहाय मोजणी होऊन नकाशे ग्रामपंचायतीत लावावेत आणि तिथला वाळूउपसा पूर्ण बंद करावा.

४. पाण्यालगतची एक पट्टी मार्चअखेरपर्यंत न नांगरणाऱ्या गाळपेर शेतकऱ्याला त्याबद्दल मोबदला मिळावा. पट्टकादंब किंवा करकोच्यांनी हरभरा-गव्हाचे नुकसान केले, तर पंचनामा करून वेळेत भरपाई द्यावी. पक्ष्यांचा खर्च एकट्या शेतकऱ्याच्या माथी मारू नये.

५. थव्यांच्या येण्याजाण्याच्या वाटेवरच्या वीजतारांवर दुरून दिसतील अशा खुणा बसवाव्यात. पाण्यावर तरंगत्या सौर पॅनेलचे बेत आखले जातील, तिथे उथळ भाग वगळावा.

६. भारत १९८३ पासून स्थलांतरित प्रजातींच्या आंतरराष्ट्रीय करारात आहे. २०२० साली त्याची परिषद गांधीनगरला भरली. २०२४ साली समरकंदला मध्य आशियाई उड्डाणमार्गासाठी देशांनी एकत्र काम करण्याचा उपक्रम मंजूर झाला आणि त्याच्या समन्वयाची जबाबदारी भारताने घेतली. ही जबाबदारी दिल्लीतून तहसील कचेरीपर्यंत पोहोचावी.

आम्ही स्वतःला घालून घेतलेले नियम

सरकारकडे मागताना आम्ही हात झटकून उभे राहणार नाही. आमच्यातले नावाडी थव्यापासून लांबच इंजिन बंद करतील आणि पुढे वल्ह्याने जातील. पाहुण्याने कितीही पैसे पुढे केले तरी थवा उठवणार नाहीत. भोई बारीक आसाची जाळी टाकणार नाहीत आणि तुटके नायलॉन पाण्यात सोडणार नाहीत. शेतकरी विषारी दाणे टाकणार नाहीत. पक्षिमित्र बेटावरच्या घरट्यांजवळ जाणार नाहीत आणि विणीच्या जागा जगजाहीर करणार नाहीत. पायात कडे असलेला पक्षी सापडला, जिवंत किंवा मेलेला, तर त्यावरचा क्रमांक बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीला कळवला जाईल. एका क्रमांकातून वाटेचा एक टप्पा कळतो. शिकारी दिसला तर तो आपल्या भावकीतला आहे म्हणून कोणी गप्प बसणार नाही.

हाक

ही हाक फक्त उजनीपुरती नाही. राज्यातले पहिले रामसर स्थळ ठरलेल्या नांदूर मध्यमेश्वरच्या काठी, जायकवाडीच्या नाथसागरावर, ठाण्याच्या खाडीत आणि गावोगावच्या पाझर तलावांवरही हाच प्रश्न आहे. पक्षी या सगळ्या पाण्यांना एकच मुलूख समजतात. तिथल्या माणसांनी आपापल्या काठाचा जाहीरनामा आपल्या शब्दांत लिहावा आणि आमच्याशी जोडून घ्यावा.

आमचे पहिले काम ठरले आहे. आशियाभर १९८७ पासून दर जानेवारीत पाणपक्ष्यांची गणना होते. येत्या जानेवारीत उजनीच्या प्रत्येक काठगावाने आपला काठ स्वतः मोजायचा, आकडे ग्रामसभेत वाचून दाखवायचे आणि तिथून ठरावासकट कालवा सल्लागार समितीपुढे ठेवायचे. पुढच्या वर्षी पुन्हा मोजायचे, म्हणजे आमच्या वागण्याने आणि सरकारच्या निर्णयांनी काय बदलले ते सगळ्यांना दिसेल. शाळांनी पोरांना पाठवावे. पक्षी ओळखायला शिकवणारे तयार आहेत. ज्याला हे पटते त्याने खाली सही करावी, आपल्या गावाचा काठ वाटून घ्यावा आणि मोजणीच्या दिवशी उजाडायच्या आत वही-पेन्सिल घेऊन पाण्यावर हजर व्हावे.

— उजनी जलाशयाकाठचे भोई, धरणग्रस्त, शेतकरी, शिक्षक आणि पक्षिमित्र