आठवी बेडी

स्वातंत्र्यवीर सावरकरांनी हिंदू समाजाला जखडणाऱ्या सात बेड्या मोजून दाखविल्या होत्या. वेदोक्तबंदी, व्यवसायबंदी, स्पर्शबंदी, सिंधुबंदी, शुद्धिबंदी, रोटीबंदी आणि बेटीबंदी. या बेड्या कोणा परकीयाने घातलेल्या नव्हत्या. समाजाने स्वतःच्या हातांनी त्या घडविल्या आणि धर्म समजून मिरविल्या, हे सावरकरांचे प्रतिपादन त्या काळी अनेकांना झोंबले. परंतु या सातांपैकी दोन बेड्या उघड उघड आर्थिक होत्या, याकडे फारसे लक्ष गेले नाही. व्यवसायबंदीने कर्तबगार माणसाला जन्माने ठरलेल्या धंद्याबाहेर पडू दिले नाही आणि सिंधुबंदीने समुद्रापलीकडची बाजारपेठ त्याला निषिद्ध ठरविली. स्वातंत्र्यानंतर या दोन्ही बेड्या वितळवून दिल्लीत एक नवी, आठवी बेडी ओतण्यात आली. तिचे नाव परवाना. विशेष म्हणजे, तिच्यावरही ‘स्वदेशी’ असाच शिक्का मारला गेला!

तो शिक्का खोटा होता, हे सांगण्याची वेळ पुन्हा आली आहे. कारण जगभर आयातशुल्काच्या भिंती उंचावत असताना ‘आपणही दारे लावून घ्यावीत’ असा सूर आपल्याच वर्तुळांतून ऐकू येऊ लागला आहे. हेतू देशभक्तीचा आहे; उपाय मात्र नेहरूंच्या नियोजन मंडळाचा आहे.

सोपाऱ्याची परंपरा

बंद दारे ही या भूमीची प्रकृती कधीच नव्हती. सातवाहनांच्या काळात सोपारा, कल्याण, चौल ही बंदरे पश्चिमेच्या जगाशी जोडलेली होती. नाणेघाटातून माल देशावर चढत होता. कार्ले आणि कान्हेरी येथील लेण्यांतील दानलेखांत व्यापाऱ्यांची नावे आहेत. कार्ल्याला तर यवन दात्यांचीही आहेत. व्यापाऱ्याच्या दानातून शिल्प उभे राहावे आणि त्या दानात परदेशस्थानेही भाग घ्यावा, असा आत्मविश्वास त्या समाजात होता. पुढे सिंधुबंदी आली आणि समुद्र परक्यांचा झाला.

इंग्रजी राज्याने तो समुद्र मोकळा केला, हाही एक भ्रमच. ईस्ट इंडिया कंपनी मक्तेदारीच्या सनदेवर जन्मली होती. म्हणूनच ५ एप्रिल १९१९ रोजी वालचंद हिराचंद आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या सिंदिया कंपनीचे ‘लॉयल्टी’ जहाज मुंबईहून लंडनकडे निघाले, तेव्हा ती केवळ एक व्यापारी फेरी नव्हती. मक्तेदारीच्या तटाला पाडलेले ते खिंडार होते. तो दिवस आज राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो.

लक्ष्मणराव किर्लोस्करांचे उदाहरण याहून बोलके आहे. १९१० साली औंध संस्थानातील उजाड माळावर त्यांनी किर्लोस्करवाडी वसविली. त्यांच्या लोखंडी नांगराला सरकारी संरक्षण नव्हते. समोर विलायती नांगर होते आणि ‘लोखंडाने जमीन विषारी होते’ असे मानणारा शेतकरी होता. आरंभीचे नांगर दीर्घकाळ विक्रीविना पडून राहिले. लक्ष्मणरावांनी आयातबंदीची मागणी करीत बसण्याऐवजी नांगर सुधारला, शेतकऱ्याची गरज ओळखली आणि विश्वास संपादन केला. नवनिर्मिती ही अशी जन्मते. ग्राहकाला ‘नाही’ म्हणण्याचा अधिकार असतो, म्हणूनच उत्पादकाला डोके चालवावे लागते.

परवान्याचे राज्य

स्वातंत्र्यानंतर ग्राहकाचा हा अधिकारच काढून घेण्यात आला. १९५१ च्या उद्योग (विकास व नियमन) कायद्याने कारखाना काढणे, वाढविणे, नवीन वस्तू बनविणे, या प्रत्येकासाठी दिल्लीची अनुज्ञा आवश्यक केली. १९५६ च्या औद्योगिक धोरणाने महत्त्वाची क्षेत्रे सरकारसाठी राखली. १९६९ मध्ये मक्तेदारी नियंत्रणाचा कायदा आला, १९७३ मध्ये परकीय चलन नियमनाचा. मंजूर क्षमतेपेक्षा अधिक उत्पादन करणे हा ज्या देशात अपराध ठरतो, त्या देशात परिश्रमाला कोणते बक्षीस उरते?

याचे फळ मध्यमवर्गीय कुटुंबांनी वर्षानुवर्षे चाखले. पुण्याजवळच्या आकुर्डीत बनणाऱ्या बजाज स्कूटरसाठी नाव नोंदवावे आणि मुलगा शाळेतून महाविद्यालयात जाईपर्यंत वाट पाहावी, ही तेव्हाची रीत होती. अॅम्बॅसडर १९५७ मध्ये रस्त्यावर आली आणि अर्धशतकाहून अधिक काळ जवळजवळ त्याच रूपात धावत राहिली. यात अभियंत्यांचा दोष नव्हता. माल तयार होण्याआधीच विकला जात असेल, तर संशोधनावर पैसा कोण खर्च करील?

लघुउद्योगांच्या कैवाराची कथा याहून विदारक आहे. १९६७ मध्ये ४७ वस्तू लघुउद्योगांसाठी राखीव करण्यात आल्या. पुढे हा आकडा ८०० च्या वर गेला. तयार कपडे, पादत्राणे, खेळणी यांचा त्यांत समावेश होता. यंत्रसामग्रीतील गुंतवणुकीवर मर्यादा असल्याने लहान कारखानदाराने मोठे होणे म्हणजे राखीव वस्तू गमावणे, असे समीकरण झाले. नेमक्या याच वस्तूंच्या बळावर चीनने जगाची बाजारपेठ व्यापली. भारतात या यादीतील अखेरच्या २० वस्तू मुक्त व्हायला २०१५ साल उजाडावे लागले. लहानांना लहानच ठेवणाऱ्या या धोरणाला कैवार म्हणायचे की शाप?

आणि या व्यवस्थेत गब्बर कोण झाले? ज्यांना दिल्लीत मुनीम ठेवणे परवडत होते ते. इचलकरंजीचा किंवा सांगलीचा तरुण अभियंता कल्पना घेऊन मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवीत राहिला. प्रस्थापित घराण्यांनी मात्र परवाने घेऊन ठेवले, जेणेकरून दुसऱ्याला ते मिळू नयेत. बंद बाजारपेठ गरिबाचे रक्षण करते, हा समाजवादाचा सर्वांत मोठा असत्यालाप होय. ती रक्षण करते ते आधीच आत बसलेल्याचे.

यावर कळस म्हणजे, या धोरणाने साडेतीन टक्क्यांच्या आसपास रेंगाळलेल्या विकासाला १९७८ मध्ये राज कृष्ण या अर्थतज्ज्ञाने नाव दिले ते ‘हिंदू विकासदर’! धोरण रशियाकडून उसने आणलेले, अंमल समाजवादी सत्ताधीशांचा, आणि अपकीर्ती हिंदूंच्या माथी. बेडीतल्या पायांना ‘हे चालतच नाहीत’ म्हणून हिणविण्यासारखेच हे झाले.

दारे उघडली तेव्हा

२४ जुलै १९९१ रोजी अठरा उद्योग वगळता परवाना रद्द झाला. तोही तत्त्वबोधाने नव्हे. परकीय चलनाची गंगाजळी आटली आणि सोने गहाण टाकण्याची नामुष्की ओढवली म्हणून. तेव्हा अनेक नामवंत उद्योगपतीही धास्तावले. १९९३ मध्ये ‘बॉम्बे क्लब’ या नावाने ओळखला गेलेला त्यांचा गट, स्पर्धा समान पातळीवर व्हावी, अशी मागणी करू लागला. त्यात राहुल बजाज अग्रभागी होते. भांडवल महाग, वीज अपुरी, बंदरे संथ. या त्यांच्या तक्रारी निराधार नव्हत्या. पण पुढे काय घडले? जपानी दुचाक्यांशी टक्कर देताना त्याच बजाजने २००१ मध्ये ‘पल्सर’ आणली आणि तिच्या इंजिनात स्वतःच्या संशोधनाची भर घातली. ज्या कंपनीला देशातली मागणी पुरविता येत नव्हती, ती आज सत्तरहून अधिक देशांना वाहने विकते. ही किमया संरक्षणाने केली नाही, स्पर्धेने केली.

मुंढव्याच्या भारत फोर्जचा प्रवास त्याच दिशेचा. लोहारकामाच्या या आधुनिक कारखान्याने २००३-०४ मध्ये जर्मनीतील कार्ल डॅन पेडिंगहाउस ही कंपनीच विकत घेतली. २००१ मध्ये अटलजींच्या सरकारने संरक्षण उत्पादन खासगी क्षेत्राला खुले केले, तेव्हा ‘देशाची सुरक्षा विकायला काढली’ अशी ओरड डाव्यांनी केली. मार्च २०२५ मध्ये संरक्षण संशोधन संस्थेने विकसित केलेल्या ३०७ तोफांचा सुमारे ६,९०० कोटी रुपयांचा करार झाला, तो भारत फोर्ज आणि टाटा यांच्याशी. जी दारे उघडल्याने देश दुबळा होणार होता, त्याच दारांतून स्वदेशी तोफ बाहेर आली. अवकाश क्षेत्र २०२० मध्ये खुले झाले आणि १८ नोव्हेंबर २०२२ रोजी हैदराबादच्या एका तरुण कंपनीचा ‘विक्रम-एस’ अग्निबाण आकाशात झेपावला. बुद्धिमत्ता आधीही होती. नव्हती ती मोकळीक.

छत्रपतींचा धडा

येथे एक आक्षेप हमखास येतो. छत्रपती शिवाजी महाराजांनी १६७१ मध्ये कुडाळचे सुभेदार नरहरी आनंदराव यांना पत्र लिहून बारदेशच्या मिठावर जबर जकात बसवायला सांगितली, ती कशासाठी? संगमेश्वरचे मीठ वाचविण्यासाठीच ना? आक्षेप खरा आहे, आणि म्हणूनच तो नीट वाचला पाहिजे. महाराजांनी जकात बसविली. बंदी घातली नाही. एका वस्तूपुरती, एका प्रांतापुरती, उघड कारण सांगून बसविली. कोणी मिठागर घालावे याचे परवाने त्यांनी वाटले नाहीत. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रातही हाच विवेक आहे. व्यापारी हे राज्याचे भूषण, परमुलखातूनही त्यांना मानाने आणावे. परंतु टोपीकरांच्या मनात भूमीची हाव आहे, म्हणून त्यांना किनाऱ्यावर ठाणे देऊ नये. व्यापार खुला, नजर सावध! खुलेपणा म्हणजे भाबडेपणा नव्हे. एप्रिल २०२० मध्ये सीमेलगतच्या देशांतून येणाऱ्या गुंतवणुकीला सरकारी संमती बंधनकारक केली गेली, ती याच परंपरेतली. शत्रूने पाडलेल्या भावाचा माल रोखणे हे संरक्षण आहे. स्वतःच्या उद्योजकाला रोखणे ही आत्महत्या आहे.

ही आत्महत्येची सवय पूर्णपणे सुटलेली नाही, हे स्वकीयांचे सरकार असतानाही स्पष्ट बोलले पाहिजे. ८ डिसेंबर २०२३ रोजी कांद्याची निर्यात बंद झाली आणि ४ मे २०२४ पर्यंत ती बंदी सर्वसाधारणपणे कायम राहिली. नंतरचे निर्यातशुल्क पूर्णपणे हटायला १ एप्रिल २०२५ उजाडला. लासलगावच्या शेतकऱ्याने पिकवायचे, साठवायचे, आणि भाव आला की दिल्लीने दार लावायचे! आपल्या ग्राहकाने मग इतर देशांचा कांदा घ्यावा, यात नवल काय? शरद जोशी यांनी चाकणच्या कांद्यापासून सुरू केलेल्या लढ्याची मागणी साधी होती: शेतकऱ्याला बाजाराचे स्वातंत्र्य द्या. जे सरकार उद्योजकाला मोकळीक देते, त्याने शेतकऱ्यालाही उद्योजक मानले पाहिजे. २०२३ च्या जनविश्वास कायद्याने ४२ कायद्यांतील १८३ तरतुदींमधील फौजदारी शिक्षेचा धाक दूर केला, हे पाऊल योग्यच. पण तपासनीसाच्या फेऱ्यांनी जेरीस आलेल्या लघुउद्योजकाला अजून बरीच वाट चालायची आहे.

दत्तोपंत ठेंगडी यांनी स्वदेशीचा आग्रह धरला, तेव्हा त्यांच्यासमोर बलाढ्य राष्ट्रांनी लादलेल्या असमान करारांचा प्रश्न होता. तो इशारा आजही लागू आहे. परंतु स्वदेशीचा अर्थ निकृष्ट माल मुकाट्याने घेणे असा त्यांच्या अनुयायांनी लावला, तर जगाशी स्पर्धा करणारा भारतीय उद्योजक आपल्याच घरात परका ठरेल. जगाच्या बाजारात खपते ती खरी स्वदेशी वस्तू.

शेवटचा प्रश्न प्रत्येक घराचा आहे. व्यवसायबंदी कायद्याने संपली, मनातून संपली का? मुलगा नोकरी सोडून कारखाना काढतो म्हणाला की ज्या घरात सुतकी कळा पसरते, त्या घराने सावरकरांची प्रतिमा भिंतीवर लावून काय साधले? शाखेत, मंडळात, बँकेच्या संचालक सभेत, ग्रामसभेत, जेथे जेथे स्वयंसेवकाचा शब्द चालतो तेथे त्याने नव्या उद्योजकाच्या पाठीशी उभे राहावे; आणि सत्ता कोणाचीही असो, प्रत्येक नव्या बंदीसमोर हा एकच प्रश्न विचारावा: ही भिंत शत्रूसाठी आहे की आपल्याच माणसासाठी? सात बेड्या तोडण्यासाठी एका पिढीने समाजाचा रोष पत्करला. आठवी तोडण्याचे दायित्व या पिढीचे आहे.