मालकाचा संघ, गावाच्या आठवणी

१० जून १९९६ ची रात्र. मायामी शहरात बर्फावरच्या हॉकीतील अंतिम लढतीचा सामना गोलशून्य बरोबरीत रेंगाळला होता. नेहमीचे तीन डाव झाले, दोन जादा डाव झाले आणि तिसऱ्या जादा डावात कोलोरॅडो ॲव्हलांच संघाच्या उवे क्रुप या जर्मन खेळाडूने सामन्यातला एकमेव गोल केला. स्टॅन्ले चषक डेन्व्हरला गेला. या शहरात येऊन संघाला जेमतेम एक वर्ष झाले होते. त्याआधीचे सोळा हंगाम हाच संघ नॅशनल हॉकी लीगमध्ये ‘क्वेबेक नॉर्दिक’ या नावाने खेळला आणि त्या सोळा हंगामांत त्याला हा चषक एकदाही मिळाला नव्हता. झाड क्वेबेकने लावले, पाणी क्वेबेकने घातले, आणि फळ धरायच्या वर्षी ते मुळासकट उपटून दुसऱ्याच्या अंगणात नेले गेले.

आपल्याकडे हॉकी म्हटले की ध्यानचंद आठवतात. कॅनडात नुसते ‘हॉकी’ म्हटले की बर्फच समजायचा. १९१७ साली मॉन्ट्रियलच्या एका हॉटेलात या लीगची स्थापना झाली आणि पुढे ती अमेरिकाभर पसरली. तिच्यातले संघ गावाच्या नावाने ओळखले जातात, पण ते गावाचे नसतात. आयपीएलमुळे ‘फ्रँचायझी’ हा शब्द आता आपल्याकडे आजीबाईंनाही ठाऊक झाला आहे. तोच हा प्रकार. परवाना मालकाचा. लीगने मान डोलावली की मालकाने खेळाडू, सामान आणि परवाना उचलून दुसरे शहर गाठावे.

मालकांची बाजू अगदीच पोकळ आहे असे नाही. नव्वदच्या दशकात कॅनडाचा डॉलर अमेरिकेच्या ७३ सेंटांच्या आसपास घसरला होता. तिकिटांचे पैसे यायचे ते कॅनडाच्या डॉलरमध्ये, खेळाडूंचे पगार द्यायचे ते अमेरिकेच्या. त्यातून क्वेबेक हे लहान शहर, भाषा फ्रेंच, क्रीडागार जुने. एरिक लिंड्रॉस या गुणी पोराला १९९१ मध्ये नॉर्दिकने पहिल्या क्रमांकाने निवडले, तर त्याने तिथे खेळायला साफ नकार दिला. (त्याच्या बदल्यात जे खेळाडू मिळाले, त्यांत पीटर फोर्सबर्ग होता. तो पुढे डेन्व्हरच्या विजयाचा एक शिल्पकार ठरला. नशिबाची थट्टा म्हणतात ती ही.) तोट्यात चाललेला धंदा मालकाने आयुष्यभर गावाच्या प्रेमापोटी चालवावा, असे कोणी म्हणणार नाही. मीही म्हणत नाही.

माझा आक्षेप आहे तो पुढच्या गोष्टीला. संघाबरोबर त्याचा इतिहासही ट्रंकेत घालून नेला जातो, तो का म्हणून?

विनिपेगचे उदाहरण घ्या. कॅनडाच्या मध्यावरचे, कडाक्याच्या थंडीचे हे शहर. १९७२ साली बॉबी हल या नामवंत खेळाडूला तिथल्या जेट्स संघाने करारबद्ध केले, ते भर चौकात, लोकांच्या साक्षीने, दहा लाख डॉलरचा धनादेश देऊन. जेट्स तेव्हा वर्ल्ड हॉकी असोसिएशन या प्रतिस्पर्धी लीगमध्ये होते. तिचा चषक त्यांनी तीनदा जिंकला. १९७९ मध्ये ती लीग मोडली आणि जेट्स, नॉर्दिक, हार्टफर्ड व्हेलर्स आणि एडमंटन ऑयलर्स हे चार संघ मोठ्या लीगमध्ये आले. चौघांपैकी जन्मगावी टिकला तो एकटा एडमंटन.

विनिपेगची ओळख म्हणजे तिथले प्रेक्षक. १९८७ पासून बाद फेरीच्या सामन्यांना सगळ्यांनी पांढरे कपडे घालून यायचे अशी प्रथा पडली. बाहेर बर्फ, आत बर्फ आणि वर चहूबाजूंना माणसांचाही बर्फ! १९९५ मध्ये संघ जाणार अशी चिन्हे दिसताच हजारो लोक रस्त्यावर आले, वर्गणी गोळा झाली, मुलांनी आपले पैशांचे गल्ले फोडले. त्याने संघाचे जाणे एक वर्ष लांबले, इतकेच. १९९६ मध्ये जेट्स फिनिक्सला, म्हणजे थेट वाळवंटात गेले आणि ‘कायोटीज’ झाले.

पंधरा वर्षांनी, २०११ मध्ये, अटलांटाचा तोट्यातला संघ विनिपेगने विकत आणला. त्याला नाव दिले जेट्स. १३,००० हंगामी तिकिटे काही दिवसांत संपली. गावाच्या दृष्टीने हा हरवलेला मुलगा घरी परतल्याचा आनंद होता. लीगच्या विक्रमवहीला मात्र हे मान्य नाही. तिच्या हिशेबी हे नवे जेट्स म्हणजे अटलांटाच्या थ्रॅशर्सचे वारस. त्यामुळे संघाच्या इतिहासात सर्वाधिक गोल कोणाचे, या प्रश्नाचे उत्तर बरीच वर्षे ‘इल्या कोव्हलचुक, ३२८’ असे होते. हा कोव्हलचुक विनिपेगचा पोशाख एकदाही न घालता, स्थलांतराच्या आदल्या वर्षीच दुसऱ्या संघात गेलेला!

उलट टीमू सेलाने पाहा. १९९२-९३ च्या आपल्या पहिल्याच हंगामात या फिनलंडच्या तरुणाने विनिपेगकडून ७६ गोल केले. नवख्या खेळाडूचा आधीचा विक्रम ५३ गोलांचा होता. २ मार्च १९९३ रोजी तो मोडताच त्याने हातमोजा हवेत भिरकावला आणि काठी बंदुकीसारखी धरून त्यावर नेम धरला. विनिपेगमध्ये त्या वयाच्या कोणालाही विचारा, तो प्रसंग डोळ्यांपुढे उभा राहील. त्या दिवशी समोर होता क्वेबेक नॉर्दिकचा संघ. पुढच्या तीन-सव्वातीन वर्षांत दोन्ही संघ आपापल्या गावातून नाहीसे झाले आणि सेलानेचे ७६ गोल १९९६ नंतर ॲरिझोनाच्या खात्यावर लिहिले गेले.

यावर कडी झाली २०२४ मध्ये. ॲरिझोनातही संघाचे बस्तान बसले नाही. शेवटचे दोन हंगाम तर तो पाचेक हजार आसनांच्या विद्यापीठाच्या क्रीडागारात खेळत होता. अखेर सगळे खेळाडू यूटा राज्यात गेले, पण या वेळी लीगने वेगळीच युक्ती काढली. यूटाचा संघ नवा कोरा धरला आणि कायोटीजचा इतिहास मागेच ठेवला. म्हणजे इतिहास संघापासून वेगळा काढता येतो, हे लीगनेच सिद्ध केले. मग १९९६ मध्ये विनिपेगचा इतिहास विनिपेगमध्ये ठेवायला कोणती अडचण होती? अमेरिकन फुटबॉलमध्ये त्याच वर्षी क्लीव्हलंडचा संघ बाल्टिमोरला गेला, तेव्हा गावाने भांडून नाव, रंग आणि सारे विक्रम आपल्याकडे राखले. मालक खेळाडू घेऊन गेला, बस्स.

कोणी म्हणेल, खेळाडू तर तेच असतात. शेन डोन हा विनिपेगमध्ये सुरुवात करून पुढे २०१७ पर्यंत ॲरिझोनातच खेळला. त्याच्या कारकिर्दीचे तुकडे करायचे काय? मुळीच नाही. खेळाडूचे आकडे खेळाडूबरोबर जातातच. शिवाय ॲरिझोनाच्या लोकांना मी खलनायक ठरवत नाही. ऑस्टन मॅथ्यूज हा २०१६ मध्ये पहिल्या क्रमांकाने निवडला गेलेला खेळाडू त्याच वाळवंटात, कायोटीजचे सामने पाहत मोठा झाला. तिथल्या मुलांचे त्या २७ हंगामांवर तितकेच प्रेम आहे. त्यांचे त्यांना राहू द्या. विनिपेगचे सतरा विनिपेगला द्या.

ओटावाने तर लीगची वाट पाहिलीच नाही. तिथला जुना सिनेटर्स संघ १९३४ मध्ये सेंट लुईसला गेला आणि वर्षभरात बंद पडला. १९९२ मध्ये नवा सिनेटर्स उभा राहिला, तेव्हा त्याने जुन्या संघाच्या स्टॅन्ले चषकांचे ध्वज छताला टांगले. १९२७ च्या विजेत्या संघातला शेवटचा हयात खेळाडू फ्रँक फिनिगन संघ परत यावा म्हणून म्हातारपणी झटला होता. पहिल्या सामन्याच्या काही महिने आधीच तो वारला. नव्या संघाने त्याचा आठ नंबर कायमचा राखून ठेवला. वारस म्हणायचे ते याला.

हार्टफर्डची तऱ्हा निराळी. गॉर्डी हाउ हा महान खेळाडू तिथे १९७९-८० मध्ये वयाच्या पन्नाशीनंतर, आपल्या दोन मुलांच्या साथीने खेळला आणि त्याने ८० सामन्यांत १५ गोल केले. १९९७ मध्ये तो संघ नॉर्थ कॅरोलायनाला गेला. वीसेक वर्षे नव्या गावाने व्हेलर्सचे नाव काढले नाही. मग २०१८ मध्ये देवमाशाच्या शेपटीचे ते जुने हिरवे बोधचिन्ह पुन्हा अंगावर चढले, अर्थातच दुकानातही. गावाची आठवण विकली जाते म्हटल्यावर मालकाला इतिहास आठवतो!

क्वेबेकने २०१५ मध्ये १८,००० प्रेक्षकांचे नवे क्रीडागार बांधले आणि लीगकडे संघ मागितला. मिळाला नाही. लास व्हेगास, सिॲटल आणि यूटा यांना मिळाला. चेकोस्लोव्हाकियातून पळून आलेले पीटर, अँटन आणि मारियान हे तीन स्टास्टनी बंधू ऐंशीच्या दशकात याच शहरासाठी एकत्र खेळले होते. पीटरचा २६ नंबर नॉर्दिकने सन्मानाने राखून ठेवला होता. संघ डेन्व्हरला जाताच नव्या मालकांनी जुने राखीव नंबर मोकळे केले. २००६ मध्ये ॲव्हलांचकडून खेळायला आलेल्या, क्वेबेकमध्येच जन्मलेल्या एका तरुणाने तो २६ नंबर मागून घेतला. त्याचे नाव पॉल स्टास्टनी. पीटरचा मुलगा.