अरुंधती कोणाला दिसते ?

गेल्या वैशाखांत आमच्या पुतणीचें लग्न येथें वाकडलाच झालें. मुहूर्त दुपारचा होता. सप्तपदी आटोपली, मंडळी पंक्तीकडे वळूं लागली, तोंच गुरुजींनीं वधूवरांस ध्रुव आणि अरुंधती पाहावयास सांगितलें. बाहेर ऊन रखरखीत, आणि डोक्यावर कार्यालयाचें छत. वरानें त्या छताकडे बोट केलें, वधूनें मान वर केली, 'दिसली' म्हणाली आणि सगळे हसले. हसणारांत मीही होतों.

चौथ्या दिवशीं जोडपें आमच्याकडे जेवावयास आलें. जेवणें झाल्यावर पोरगी माझ्याजवळ बसून म्हणाली, "काका, संसाराची सुरुवात मीं खोटें बोलून केली. आतां खरी अरुंधती दाखवा, आणि ती कां पाहावयाची तेंही सांगा." ती हिंजवडीस संगणकावर काम करणारी. बोलणें थट्टेचें असलें तरी उत्तर तिला हवें होतें. आम्ही सर्व गच्चीवर गेलों.

आश्वलायनाच्या गृह्यसूत्राप्रमाणें हा विधि रात्रीचा आहे. नववधूनें मौन धरावयाचें, तारे उगवल्यावर ध्रुव, अरुंधती आणि सप्तर्षि पाहावयाचे आणि मग बोलावयाचें. लग्नें दिवसा लागूं लागल्यावर दर्शनाचें नुसतें बोट उरलें. त्यांतही ऋतूची गोष्ट आहे. वैशाखांत दिवेलागणीनंतर सप्तर्षि उत्तरेस चांगले वर आलेले असतात. परंतु मार्गशीर्षांत, म्हणजे आपल्याकडील लग्नांच्या ऐन गर्दींत, आपल्या अक्षांशावर अरुंधती उगवते तीच मध्यरात्रीच्या सुमारास. त्या महिन्यांतील वधूला संध्याकाळीं ती दाखविणें कोणाही गुरुजींच्या हातीं नाहीं !

सप्तर्षींचे चार तारे चौकोनांत आणि तीन शेपटींत. शेपटीच्या टोंकाचा मरीचि, मधला वसिष्ठ, चौकोनाकडील अंगिरस्. वसिष्ठाला अगदीं बिलगून जो बारीक तारा दिसतो ती अरुंधती. दोघांमधील अंतर चंद्रबिंबाच्या रुंदीच्या दोन-पंचमांशाएवढें. तारा बारीक म्हणून आधीं जवळचा ठळक तारा दाखवावयाचा आणि दृष्टि तेथें ठरली कीं हळूच खरीकडे न्यावयाची. आपल्या शास्त्रकारांचा अरुंधतीदर्शनन्याय तो हाच, आणि शंकराचार्यांनीं ब्रह्मसूत्रभाष्यांत त्याचा उपयोग केला आहे. शाळेंत हा न्याय मीं कैक वर्षें शिकविला. त्या रात्रीं त्याचप्रमाणें मीं मरीचि दाखविला, वसिष्ठ दाखविला. "त्याच्या शेजारीं," असें म्हणालों आणि थांबलों. मला शेजारीं कांहींच दिसेना.

चिंचवडच्या बाजूनें दिव्यांचा उजेड फार, असें मी म्हणालों. "दिसली !" पोरगी म्हणाली. जांवयांनाही दिसली. आमच्या सौभाग्यवतींना तर चष्मा पुसण्यापूर्वींच दिसली. त्यांनीं माझ्याकडे एकदां पाहिलें आणि त्या कांहीं बोलल्या नाहींत. हितोपदेशांतील एक श्लोक त्यांनीं माझ्याच तोंडून ऐकलेला आहे. ज्यांचें आयुष्य सरत आलें त्यांना विझलेल्या दिव्याचा वास येत नाहीं, मित्राचें बोलणें ऐकूं येत नाहीं आणि अरुंधती दिसत नाहीं, असा त्याचा आशय. सुश्रुतानेंही मरणचिन्हांत अरुंधती न दिसणें घातलें आहे. मुलांना अर्थ सांगतांना आवाज कधीं अडखळला नव्हता. त्या रात्रीं मात्र जिना उतरतांना कठडा धरावा लागला.

खालीं आल्यावर पोरीनें दुसरा प्रश्न काढला. "अरुंधती वसिष्ठाभोंवतीं फिरते, म्हणून का ती पत्नीनें पाहावयाची ?"

पुराणांतली गोष्ट निराळी आहे. महाभारताच्या वनपर्वांत स्वाहेनें सहा ऋषिपत्नींचीं रूपें घेतलीं. सातवीचें, अरुंधतीचें, तिला घेतां आलें नाहीं. त्या सहाजणी पतींपासून दूर होऊन कृत्तिका झाल्या आणि अरुंधती एकटी वसिष्ठाजवळ राहिली. मीं विचारलें, "यांत फिरणें कोठें आलें ? ही जवळ राहण्याची गोष्ट आहे." भीष्मपर्वांत अरुंधतीनें वसिष्ठाला मागें टाकल्याचें जें म्हटलें आहे तें अशुभ चिन्हांच्या यादींत आहे. त्यावरून कित्येकजण भारतीय युद्धाचें साल काढतात. उत्पातांच्या यादीला पंचांग समजणें मला पटत नाहीं.

दुर्बिणीनें सांगितलेली हकीकत याहून नवलाची आहे. १६१७ सालीं गॅलिलिओ आणि त्याचा शिष्य कास्तेली यांना वसिष्ठ एक नसून दोन तारे आहे असें दिसलें. १८८९ सालीं हार्वर्डच्या वेधशाळेंतील पिकरिंग यांनीं त्यांपैकीं ठळक ताऱ्याचा वर्णपट तपासला, तेव्हां त्यांतील रेषा कधीं एक तर कधीं दुहेरी दिसत. म्हणजे तोही जोडताराच ! हे दोघे सुमारें साडेवीस दिवसांत एक फेरी पुरी करितात. पुढें वसिष्ठाचा दुसरा ताराही जोडताराच निघाला. आणि २००९ सालीं खुद्द अरुंधतीजवळ एक मंद, तांबडा, लहानगा सोबती सांपडला. नुसत्या डोळ्यांना जेथें दोन दिसतात तेथें एकूण सहा तारे आहेत.

अरुंधती आणि वसिष्ठ यांचा खरा संबंध आहे कीं केवळ एका रेषेंत आल्यानें ते जवळ भासतात, याबद्दल बराच काळ मतभेद होता. दोघेही आपल्यापासून सुमारें त्र्याऐंशी प्रकाशवर्षें दूर आहेत आणि एकाच दिशेनें चालले आहेत. त्यामुळें ते परस्परांशीं बांधलेले असावेत असें आतां मानतात. दोघांमध्यें निदान पाव प्रकाशवर्षाहून अधिक अंतर आहे, आणि एका फेरीस लाखों वर्षें लागावींत.

"आणि फिरतें कोण ?" पोरीनें प्रश्न सोडला नव्हता.

मीं सांगितलें, कोणीच कोणाभोंवतीं फिरत नाहीं. दोघेही मधल्या एका बिंदूभोंवतीं फिरतात. जो जड तो त्या बिंदूच्या जवळ, जो हलका तो लांब, इतकाच फरक. वसिष्ठाच्या ठळक ताऱ्यांतील ती जोडी तर वजनानें जवळजवळ सारखी, म्हणून बिंदु बरोबर मध्यें येतो. जांवई हसून म्हणाले, "मग गुरुजींनीं मलाही मौन धरावयास लावलें पाहिजे होतें." यावर पोरगी कांहीं बोलली नाहीं, पण तिनें चिवड्याची बशी त्यांच्यापुढें सरकविली.

ज्येष्ठांत डोळे तपासून घेतले. दोन्हींत मोतीबिंदु. सुश्रुताच्या यादींतून निदान एका कारणानें तरी माझें नांव निघालें असें डॉक्टरांना म्हणालों. त्यांना संदर्भ ठाऊक नव्हता. आषाढांत उजव्या डोळ्याची शस्त्रक्रिया झाली, भाद्रपदांत डाव्याची. मधला सारा काळ ढगांत गेला आणि आतां संध्याकाळचे सप्तर्षि क्षितिजाखालीं गेले आहेत. मार्गशीर्षांत पहाटे साडेचारला ते ईशान्येस पुरेसे वर येतील. सौभाग्यवतींनीं गजर लावून ठेवण्याचें कबूल केलें आहे. वसिष्ठापर्यंत त्याच बोट दाखविणार आहेत, आणि पुढचें मीं सांगावयाचें असें ठरलें आहे.