चिमणराव ते आबा टिपरे : एका चरित्रनटाचे वाङ्मयीन कार्य

विनोदी नट हा वाङ्मयाच्या अभ्यासकाचा विषय होऊ शकतो काय, असा प्रश्न आपल्या विद्यापीठांतून सहसा विचारला जात नाही. नाटककाराचा अभ्यास होतो, क्वचित् नाटकातील नटाचाही होतो. चित्रपटाला अलीकडे अभ्यासक्रमात जागा मिळाली आहे. परंतु दूरचित्रवाणीवरील मालिकेत वर्षानुवर्षे एखादी विनोदी व्यक्तिरेखा उभी करणारा नट मात्र वृत्तपत्रांच्या रविवार पुरवणीच्या स्वाधीन केला जातो, आणि तेथे त्याच्या वाट्याला येतात त्या आठवणी व छायाचित्रे. दिलीप प्रभावळकर यांची पाच दशकांहून अधिक काळाची कारकीर्द समोर ठेवली, तर ही वाटणी किती चुकीची आहे ते ध्यानात येते. हा नट मूलतः वाचक आहे. एका थोर विनोदकाराच्या गद्याचे त्याने केलेले वाचन हे त्या गद्यावरील मराठीतील उत्तम टीकालेखनापेक्षा कमी मोलाचे नाही.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. १९७७ च्या सुमारास या केंद्रावरून चिं. वि. जोशी यांच्या कथांवर आधारलेली ‘चिमणराव-गुंड्याभाऊ’ ही मालिका सादर होऊ लागली. चिमणराव प्रभावळकर, गुंड्याभाऊ बाळ कर्वे. दूरचित्रवाणी त्या वेळी कृष्णधवल होती आणि या केंद्राचे प्रक्षेपण प्रामुख्याने मुंबई-पुणे परिसरापुरते होते. त्यामुळे एक विलक्षण गोष्ट घडली. बडोदे, इंदूर, हैदराबाद, दिल्ली येथील मराठी वाचकांना चिमणराव पुस्तकांतून पुरेपूर ठाऊक होता. मुंबईकर आणि पुणेकर ज्याला आता चेहऱ्याने ओळखू लागले, तो चिमणराव मात्र त्यांनी पाहिलाच नाही. यातील बडोद्याची गोष्ट तर अधिकच बोचणारी. चिं. विं.नी आयुष्याचा मोठा काळ तेथेच काढला, पालीचे अध्यापन केले. महाराष्ट्राबाहेर बसूनच त्यांनी पुण्याच्या या भित्र्या कारकुनाचा संसार रंगविला.

हा चिमणराव पडद्यावर आणणे वाटते तितके सोपे नव्हते. चिं. विं.च्या कथांचे मर्म प्रसंगांत कमी आणि निवेदनात अधिक आहे. चिमणराव स्वतःच आपली हकीकत सांगतो. तो स्वतःला समंजस, व्यवहारी, प्रसंगी शूरही समजतो. त्याच्याच वाक्यांतून वाचकाला उलटे दिसत असते. निवेदकाला स्वतःविषयी जे ठाऊक नाही ते वाचकाला ठाऊक असणे, ही या विनोदाची सारी यंत्रणा आहे. आता कॅमेऱ्यासमोर निवेदक उरत नाही. उरतो तो धांदल करणारा एक मनुष्य. ‘मी’ गेला की चिमणराव हा केवळ फजिती होणारा इसम ठरतो, आणि फजिती तर कोणत्याही प्रहसनात होते.

याआधी मास्टर विनायकांच्या ‘लग्न पहावे करून’ (१९४०) आणि ‘सरकारी पाहुणे’ (१९४२) या चित्रपटांतून चिमणराव पडद्यावर आला होता. दामूअण्णा मालवणकर हे जातिवंत विनोदी नट. त्यांचा तिरळा डोळा हेच त्यांचे भांडवल होते, आणि ते त्यांनी मोठ्या खुबीने वापरले. तरीही तेथे हशा बव्हंशी नटाच्या शरीरातून येतो. चिमणरावाच्या आत्मवंचनेतून येतो असे म्हणवत नाही. प्रभावळकरांपाशी असे निसर्गदत्त भांडवल नव्हते. तेव्हा त्यांचे वय तेहतीस-चौतीस, चेहरा कोणत्याही कचेरीत सामावून जावा असा. त्यांनी केले ते इतकेच, की निवेदकाचा हरवलेला ‘मी’ त्यांनी नजरेत आणि आवाजात परत आणला. त्यांचा चिमणराव प्रेक्षकाला हसविण्यासाठी काही करीत नाही. तो आपल्या परीने योग्य, प्रतिष्ठित आणि विचारपूर्वक असेच वागत असतो. नटाचा त्याच्यावर पूर्ण विश्वास आहे. उपहास कोठेही नाही. विनोदी नट पात्राकडे पाहून डोळे मिचकावू लागला, की पात्र मरते. येथे डोळे मिचकावण्याचे काम प्रेक्षकावर सोपविलेले आहे, अगदी चिं. वि. जसे ते वाचकावर सोपवीत. बाळ कर्व्यांच्या धिप्पाड, ठाम, ब्रह्मचारी गुंड्याभाऊशेजारी हा चिमणराव उभा राहिला, की शेजारच्या माणसाच्या ठामपणाने आपलाही ठामपणा सिद्ध झाला अशी त्याची समजूत होते. ‘विनोदी गद्याचे माध्यमांतर’ या विषयावर कोणी प्रबंध लिहावयास घेतला, तर त्याला येथूनच आरंभ करावा लागेल.

आणि येथेच त्याची पंचाईत होईल, कारण पुरावा हाती लागणार नाही. त्या काळी चित्रफीत महाग होती. जुने मुद्रण पुसून त्याच फितीवर नवा कार्यक्रम घेणे ही सर्वत्रच रूढ रीत होती. ब्रिटनमध्ये बी.बी.सी.सारख्या संपन्न संस्थेनेही आपले कित्येक विनोदी कार्यक्रम असेच पुसून टाकले. ‘डॅड्स आर्मी’सारख्या लोकप्रिय मालिकेचे काही भाग आजही सापडलेले नाहीत. आपल्या ‘चिमणरावा’चेही आज सहज पाहावयास मिळेल असे फार थोडे उरले आहे. बाळ कर्वे ऑगस्ट २०२५ मध्ये निवर्तले तेव्हा ज्यांनी हळहळ व्यक्त केली, त्यांतील बहुतेकांच्या मनात गुंड्याभाऊ होता आणि तो प्रामुख्याने स्मरणातच होता. हस्तलिखिताची एक प्रत गहाळ झाली तर आपले विद्वान शोक करतात; येथे हजारो घरांनी पाहिलेली संहिता नाहीशी झाली आणि तिची साधी नोंदही कोणी मागितली नाही.

रंगभूमीवर असे होत नाही, ही तुलना लक्षात घेण्याजोगी आहे. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’ या बालनाट्यात प्रभावळकरांनी चिंची चेटकीण साकारली. पुढे २०१८ मध्ये ते नाटक पुन्हा आले तेव्हा ती भूमिका वैभव मांगले यांच्याकडे गेली. ‘हसवाफसवी’ हे प्रभावळकरांनी स्वतःसाठी लिहिलेले नाटक, एकाच नटाने सहा भूमिका करावयाच्या. ही तर केवळ त्यांचीच मिरासदारी, असे वाटत होते. परंतु नंतर पुष्कर श्रोत्री यांनी ते केले, आणि कृष्णराव हेरंबकर हे गतवैभवात रमलेले वृद्ध संगीत नट एका नटाची लकब नसून लिहिलेले पात्र आहेत, हे सिद्ध झाले. नाटकातली भूमिका वारशाने जाते. मालिकेतली भूमिका त्या एका देहाबरोबर आणि त्या एका फितीबरोबर संपते. तिचे पुनरुज्जीवन होत नाही, संहिता छापली जात नाही, तिच्यावर समीक्षा लिहिली जात नाही. सर्वांत मोठा प्रेक्षकवर्ग लाभलेले काम हेच सर्वांत कमी नोंदले गेलेले काम ठरावे, हा विरोधाभास दूरचित्रवाणीच्या प्रत्येक चरित्रनटाच्या वाट्याला आलेला आहे.

हिंदीत याच काळात दुसऱ्या टोकाचा एक प्रयोग झाला. ‘ये जो है ज़िंदगी’ (१९८४) या मालिकेचे लेखन हिंदीतील नामवंत व्यंग्यकार शरद जोशी यांनी केले आणि तीत सतीश शहा भागागणिक नवी भूमिका करीत. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्यांचे निधन झाले तेव्हा त्या अर्धशताहून अधिक भूमिकांची आठवण सर्वांनी काढली. शरद जोशींची आठवण मात्र फारच थोड्यांना झाली. एकीकडे एक पात्र अनेक भागांतून मुरविणारा नट, दुसरीकडे एकाच मालिकेत अनेक पात्रे आळीपाळीने पेलणारा नट. या दोन पद्धतींत कोणती श्रेष्ठ हा वाद निरर्थक आहे. ध्यानात घ्यावयाचे ते हे, की दोन्ही ठिकाणी मुळाशी भाषेचा मर्मज्ञ लेखक होता. ‘वागळे की दुनिया’ (१९८८) मागे आर. के. लक्ष्मण होते, ‘मुंगेरीलाल के हसीन सपने’ मनोहर श्याम जोशींनी लिहिले. अंजन श्रीवास्तव किंवा रघुवीर यादव यांचे यश त्यांच्या लेखकांपासून तोडून पाहता येत नाही. दूरदर्शनच्या या पर्वाला भारतीय विनोदी वाङ्मयाचे एक प्रकरण मानावयास कोणती हरकत आहे, हे कळत नाही. हरकत असलीच तर ती लोकप्रियतेची असावी. अनेकांना आवडले ते सवंग असणार, हा आपल्या समीक्षेचा जुना आजार होय.

प्रभावळकरांच्या कारकीर्दीत या लोकप्रियतेचा जाच दिसतो आणि तिच्यावर त्यांनी केलेली मातही दिसते. चिमणराव गाजल्यावर त्याच साच्यातील भित्रे, गोंधळलेले गृहस्थ करीत आयुष्य काढणे त्यांना सहज शक्य होते. त्यांनी ‘साळसूद’ मालिकेत खलवृत्तीचा मनुष्य केला, जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’त मतिमंद मुलाच्या बापाचे, काटदऱ्यांचे, पिचलेले जिणे उभे केले, ‘चौकट राजा’त (१९९१) वाढ खुंटलेला नंदू केला, आणि ‘झपाटलेला’त (१९९३) तात्या विंचू. या यादीत सुसूत्रता शोधू नये. या नटाने प्रत्येक वेळी पुसून पुन्हा लिहिले आहे. लौकिक सन्मान मात्र चित्रपटाच्या वाटेने आला. ‘लगे रहो मुन्नाभाई’तील गांधीजी आणि ‘शेवरी’ यांसाठी त्यांना २००६ चा साहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांच्या कक्षेत दूरचित्रवाणी येत नाही. हे नियमाप्रमाणेच आहे. तरीही तो गांधी ज्या संयमातून आला, त्याचे शिक्षण चिमणरावाच्या घरात झाले होते.

‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ (२००१–२००४) ही मालिका येईपर्यंत काळ पालटला होता. उपग्रह वाहिनीमुळे मराठी मालिका आता बृहन्महाराष्ट्रात, थेट परदेशातही दिसत होती. चिमणराव ज्यांनी पाहिला नव्हता त्यांनी आबा पाहिले. मालिकेचा आधार प्रभावळकरांच्या स्वतःच्याच ‘अनुदिनी’ या लेखनाचा, दिग्दर्शन केदार शिंदे यांचे. पुन्हा प्रथमपुरुषी निवेदन, पुन्हा मध्यमवर्गीय कुटुंब; मात्र रोजनिशी एकाची नाही, घरातील साऱ्यांची. चिमणरावाच्या घरात जगाकडे पाहण्याची एकच (आणि तीही चुकीची) खिडकी होती. टिपऱ्यांच्या घरात प्रत्येकाची खिडकी वेगळी, आणि सर्व जण आपापल्या परीने थोडे बरोबर.

गुणदोषांचा हिशेब येथे सरळ करावयास हवा. ‘टिपरे’ ही सुबक, सुसंस्कृत मालिका होती. आठवड्यातून एकदाच येत असल्यामुळे तिला लिहिण्याला आणि तालमीला उसंत मिळत होती; नंतरच्या दैनंदिन मालिकांच्या घाण्यात विनोदी चरित्रनटाला ती मिळणे दुरापास्त झाले. परंतु आबांमध्ये चिमणरावाची धार नाही. चिमणराव कधीही शहाणा होत नाही, म्हणून तो अमर आहे. आबा आरंभापासूनच शहाणे आहेत. त्यांच्या चुका लाघवी आहेत, आणि भागाच्या शेवटी घर एकत्र येते. विनोदी नट वयाने वाढला की प्रेक्षक त्याला आजोबा करून घेतात. त्याच्यावर हसण्याऐवजी त्याच्याबरोबर हसू लागतात. पुढे तर नुसतेच नमस्कार करतात. यात नटाचा दोष थोडा, आपल्या भाविकपणाचा अधिक. प्रभावळकरांनी हा धोका ओळखला असावा असे आबांच्या भूमिकेतील कित्येक जागा पाहून वाटते. मध्येच एखादी मत्सराची, हट्टाची, बालिश चोरटेपणाची छटा ते आणतात आणि आजोबांच्या मखरातून पाय बाहेर काढतात. २०२५ मध्ये, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, ‘दशावतार’ चित्रपटात मध्यवर्ती भूमिका करतानाही त्यांनी मखरात बसण्याचे नाकारले.

‘टिपरे’च्या बाबतीत एक सोय अशी, की ‘अनुदिनी’ छापील आहे आणि मालिकेचे भागही पाहावयास मिळतात. लेखक आणि नट एकच. त्यामुळे एखाद्या विभागाला मूळ लेखन आणि त्याचे दृश्यरूप शेजारी शेजारी मांडता येईल : रोजनिशीतले कोणते वाक्य संवाद झाले, कोणते केवळ भुवई झाले, कोणते गाळावे लागले. ‘चिमणरावा’साठी अशी सोय नाही. तेथे जे उरलेले थोडे भाग आहेत ते, संहितांची बाडे कोणाच्या कपाटात शिल्लक असतील तर ती, आणि त्या वेळी स्टुडिओत काम केलेल्या माणसांच्या साक्षी, एवढ्यावरच काम भागवावे लागेल. ती माणसे आता वयोवृद्ध आहेत. प्रभावळकर स्वतः आहेत, चिं. विं.च्या एखाद्या कथेतील ‘मी’ नजरेत कसा आणला, हे त्यांना आजही विचारता येते.