एका सकाळचा झेंडू

दसऱ्याच्या दिवशी संध्याकाळी सोने द्यायला बाहेर पडाल, तेव्हा वाटेतला एखादा मोठा चौक जरा थांबून पाहा. सकाळी जिथे पाय ठेवायला जागा नव्हती, तिथे झेंडूचे ढीग बेवारस पडलेले असतात. गाई त्यात तोंड घालीत असतात. परतीचे टेम्पोचे भाडे अंगावर घेऊन माल पुन्हा गावी न्यायचा कशाला, म्हणून शेतकरी तो तिथेच टाकून निघून गेलेला असतो. सकाळी याच ढिगापुढे आपण पाच-दहा रुपयांसाठी घासाघीस केलेली असते. मीही अनेक वर्षे केली आहे, आणि ती जिंकल्याचे घरी येऊन सांगितलेही आहे.

झेंडू मूळचा मेक्सिकोकडचा. पण इथे असा रुळला की, त्याच्यावाचून खंडेनवमी आणि दसरा आपल्याला सुचत नाही. लहान शेतकऱ्याला तो जवळचा वाटतो, कारण दहा-वीस गुंठ्यांतही येतो आणि घरची माणसे तो तोडू शकतात. टोमॅटोच्या शेतात मधूनमधून लावला तर मुळांना गाठी आणणाऱ्या सूत्रकृमींचा त्रासही कमी होतो. इतका गुणी, पण पैसे देणार ते मुख्यत्वे सणालाच.

आणि सण काही इंग्रजी तारखेला बांधलेला नाही. २०२३ साली दसरा २४ ऑक्टोबरला आला, २०२४ साली १२ ऑक्टोबरला आणि २०२५ साली २ ऑक्टोबरला. लागवडीनंतर फुले यायला साधारण दोन महिने लागतात, त्याआधी रोपे तयार करण्याचे तीनेक आठवडे धरा. म्हणजे आषाढ-श्रावणातच पंचांग उघडून उलटी मोजणी करायची. अधिक महिन्याचे वर्ष असेल तर सगळा हिशेब पुढे सरकतो. रोप हाती लागले की शेंडा खुडायचा, फांद्या फुटू द्यायच्या आणि बहर नेमका नवरात्रात यावा म्हणून आभाळाकडे पाहत बसायचे. बहर आठ दिवस आधी आला तर भाव नाही आणि आठ दिवस उशिरा आला तर गिऱ्हाईक नाही. लक्ष्मीपूजनाची दुसरी संधी वीसेक दिवसांनी असते खरी, पण उमललेले फूल तोवर थांबत नाही.

त्यातून परतीचा पाऊस. २०२५ च्या सप्टेंबरात, दसरा तोंडावर असताना, मराठवाड्यात आणि सोलापूरकडे नद्या शेतांत शिरल्या. पाणी शेतात शिरले नाही तरी भिजलेले फूल काळे पडते, आणि व्यापारी ते हातात घेऊन नुसती मान हलवतो.

या साऱ्या जुगारात शहरातल्या आपण काहीच पणाला लावलेले नसते. भाव चढला की महागाईची बोंब, उतरला की आनंद. हौसेने दारात प्लास्टिकचे तोरण बांधणारे तर या हिशेबातून कायमचेच बाहेर पडले. ते धुऊन पुढच्या वर्षी वापरता येते, असे अभिमानाने सांगतात!

पालिकांना एक गोष्ट मात्र सहज करता येईल. खंडेनवमी आणि दसरा या दोन दिवसांसाठी प्रत्येक प्रभागातले एखादे मैदान शेतकऱ्यांना द्यावे. तिथे पाणी, दिवा आणि शौचालय असावे. रात्रभर टेम्पोत बसून आलेल्या बाईला पहाटे तोंड धुवायला शहरात कुणाचे तरी दार ठोठवावे लागते, हे आपल्या सणाला शोभत नाही. उरलेली फुले तिथूनच खतासाठी उचलता येतील, आणि त्या ढिगाचे चार पैसे त्या शेतकऱ्याच्याच हाती पडावेत.

तोरण आदल्या संध्याकाळी ओवून ठेवले तरी सकाळी ताजेच दिसते. फुले पाण्याचा हबका मारून ओल्या फडक्यात झाकली की झाले. मग दसऱ्याला सकाळी नऊ वाजताच सगळ्यांनी एकदम रस्त्यावर का उतरायचे?