मुखपृष्ठाचे चित्र कोणाचे?

स्वस्त कागदी बांधणीच्या पुस्तकांची मुखपृष्ठे रंगविणारा चित्रकार प्रकाशनव्यवसायात दीर्घकाळ दुय्यम मानला गेला. त्याने चित्र आणून द्यावे, ठरलेली बिदागी घ्यावी आणि मूळ चित्र प्रकाशकाच्या कपाटात ठेवून निमूटपणे निघून जावे, असा रिवाज अमेरिकेतही होता. फ्रँक फ्रॅझेटा यांनी तो जुमानला नाही. त्यांच्या कारकिर्दीचे महत्त्व त्यांनी रंगविलेल्या तलवारबहाद्दरांइतकेच या हट्टातही आहे.

1928 साली ब्रुकलिनमध्ये जन्मलेले फ्रॅझेटा सोळाव्या वर्षीच चित्रकथांच्या धंद्यात शिरले. पुढे ॲल कॅप यांच्या ‘लिल ॲब्नर’ या लोकप्रिय चित्रमालिकेवर त्यांनी अनेक वर्षे हात झिजविला. रेषा यांची आणि नाव कॅप यांचे! अद्भुतकथांच्या पुस्तकांसाठी केलेली सुरुवातीची कित्येक चित्रेही प्रकाशकाकडेच राहिली. 1966 पासून लान्सर या प्रकाशनसंस्थेने रॉबर्ट हॉवर्ड यांच्या कोनानकथा पुस्तकरूपाने काढल्या, तेव्हा मात्र मूळ चित्रे त्यांना परत मिळू लागली. हॉवर्ड 1936 सालीच निवर्तले होते. तीस वर्षांनी त्यांच्या नायकाला जो चेहरा मिळाला तो फ्रॅझेटांच्या कुंचल्यातून. आज कोनान म्हटले की डोळ्यांपुढे उभी राहते ती हीच आकृती.

चित्र हाती राहिल्याने काय साधले, हे ‘डेथ डीलर’ या 1973 च्या चित्रावरून कळते. काळ्या घोड्यावरचा तो शिरस्त्राणधारी योद्धा प्रथम एका कथासंग्रहाच्या मुखपृष्ठावर आला आणि 1978 साली मॉली हॅचेट या रॉक वाद्यवृंदाच्या पहिल्या ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर. ‘डार्क किंग्डम’ची कथाही तशीच. 1976 च्या कादंबरीवरील हे चित्र 1979 साली त्याच वाद्यवृंदाच्या दुसऱ्या ध्वनिमुद्रिकेवर झळकले आणि 2023 मध्ये लिलावात 60 लाख डॉलरना विकले गेले. वेष्टनासाठी नवे चित्र काढण्याची गरजच पडली नाही.

या व्यवहाराची सूत्रे त्यांच्या पत्नी एली यांच्या हाती होती. पेनसिल्व्हेनियात ईस्ट स्ट्राउड्सबर्ग येथे संग्रहालय उभे राहिले तेही चित्रे घरी होती म्हणूनच. अर्थात मालकीच्या पाठोपाठ भाऊबंदकीही येते. एली 2009 च्या जुलैत वारल्या आणि त्याच डिसेंबरात एका मुलाने माती उपसण्याचे यंत्र लावून संग्रहालय फोडले व सुमारे 90 चित्रे हलविली. पुढे कुटुंबात समेट झाला. फ्रॅझेटा मे 2010 मध्ये निवर्तले.

एका चित्रकाराच्या हट्टाने जे मिळाले ते सर्वांना मिळायचे तर कायद्याचा आधार हवा. आपल्याकडे तो उलट्या बाजूला आहे. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या 17 व्या कलमानुसार, मोबदला देऊन काढवून घेतलेल्या चित्राचा पहिला हक्कदार, विरुद्ध करार नसेल तर, ते काढवून घेणारा असतो. तोंडी बोलीवर काम करणाऱ्याची बाजू येथेच लंगडी पडते. 2012 च्या दुरुस्तीने या कलमात चित्रपटात समाविष्ट होणाऱ्या कलाकृतींच्या कर्त्यांना संरक्षण दिले. पुस्तकाचे मुखपृष्ठ रंगविणाऱ्याला त्या दुरुस्तीत स्थान मिळाले नाही.