नाव दोन अक्षरी ठेवा, पण अर्थ कुणाला विचारता?



हल्ली आपल्या परभणीत बारशाचं आमंत्रण येतं तेव्हा नाव आधीच ठरलेलं असतं, आणि ते दोन नाहीतर तीन अक्षरांचं असतं. आरव, अनया, माया, मिष्का, अरि. राजमती, पद्मावती, सुलोचना ही नावं आता आजीच्या फोटोखालीच वाचायची. लहान नावाला माझा अजिबात विरोध नाही. हाक मारायला सोपं, शाळेच्या फॉर्मवर मावतं, लेकरू उद्या परदेशी गेलं तरी तिथल्या लोकांची जीभ अडखळत नाही. माझं भांडण आहे ते नावाचा अर्थ मोबाइलला विचारण्याशी.

आरव म्हणजे 'शांत', असं मोबाइल सांगतो. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, ओरडा. (बहुतेक घरांत हाच अर्थ जास्त खरा ठरतो, ते सोडा.) अनयाचं त्याहून वाईट. नय म्हणजे नीती, अनय म्हणजे अनीती. शिवाय नय हा आपल्या दर्शनातला केवढा मोठा शब्द! वस्तूकडे एका बाजूने बघण्याची दृष्टी म्हणजे नय, आणि सगळे नय ध्यानात घेतले की अनेकांत. त्याला 'अ' लावून आपण लेकीचं नाव ठेवतो.

मायाचं थोडं वेगळं आहे. मराठीत माया म्हणजे जिव्हाळा, आईची माया. हिब्रूत हेच नाव पाण्याच्या शब्दाशी जोडतात. पण ज्या घरात रोज प्रतिक्रमण होतं, त्या घरात क्रोध, मान, माया, लोभ हे चार कषाय आहेत आणि माया म्हणजे कपट. एकीकडे मायेचा त्याग म्हणायचा आणि दुसरीकडे 'माया, जेवायला ये' अशी हाक मारायची, हे मला काही पटत नाही. मिष्का हे रशियात मिखाईल नावाच्या मुलाचं लाडाचं नाव आहे, आणि अस्वलालाही तिकडे तेच म्हणतात. अरि हिब्रूत सिंह, आइसलँडमध्ये गरुड; छान आहे. पण आपल्याकडे अरि म्हणजे शत्रू. अरिहंत नाव ठेवून लाडाने 'अरि' म्हणणाऱ्या आया मी पाहिल्या आहेत. 'हंत' गेलं आणि शत्रू तेवढा घरात राहिला!

बरं, लहान नावांसाठी इतक्या लांब जायची गरज तरी काय? आपल्या चोवीस तीर्थंकरांतच अर, नमि, नेमि, मल्लि आहेत. अर म्हणजे चाकाचा आरा. नेमि म्हणजे चाकाचा बाहेरचा घेर, ज्यावर बैलगाडीला लोखंडी धाव चढवतात. जिंतूरच्या नेमगिरीला आपण सगळ्याच जातो, वाकून गुहेत उतरतो, नेमिनाथांसमोर हात जोडतो. पण या दोन अक्षरांचा अर्थ लेकरांना कितीजणी सांगतो?

आणि ही नावं पडली कशी, ते तर ऐकण्यासारखं आहे. बाराव्या शतकात हेमचंद्राचार्यांनी त्रिषष्टिशलाकापुरुषचरितात या कथा सांगितल्या आहेत. अरनाथांच्या आईला स्वप्नात चाकाचा आरा दिसला, म्हणून अर. शिवामातेला रत्नांची नेमि दिसली, म्हणून अरिष्टनेमि. नमिनाथ पोटात असताना शत्रूंनी मिथिलेला वेढा घातला होता. वप्रामाता महालाच्या गच्चीवर आली, तिला पाहून शत्रू नमले, म्हणून नमि.

सगळ्यांत मला आवडते ती सुमतिनाथांची कथा. एक व्यापारी परगावी वारला. त्याच्या दोन बायका, मुलगा एकच, आणि दोघी म्हणतात, माझा. राजाला निवाडा जमेना. गरोदर मंगलाराणी म्हणाली, माझ्या पोटी तीर्थंकर येणार आहे, तो मोठा होऊन न्याय करील, तोवर थांबा. एक बाई लगेच थांबायला तयार झाली. दुसरी म्हणाली, मला क्षणभरही थांबवत नाही. राणीने मूल त्या दुसरीच्या हवाली केलं. बायबलमधल्या सॉलोमन राजाच्या न्यायाची गोष्ट अशीच आहे, पण तिथे तलवार लागते आणि न्यायाधीश पुरुष आहे. इथे आईची सुमती दिसली, म्हणून मुलगा सुमति. दिगंबर पुराणांत जन्माभिषेकानंतर इंद्र नाव ठेवतो, तेव्हा दिगंबर भगिनींनी मला लगेच दुरुस्त करू नये! मला एवढंच म्हणायचं आहे की इतक्या छोट्या नावांत आईचं स्वप्न, आईचं धाडस, आईची बुद्धी साठवून ठेवणारी माणसं आपल्याच परंपरेत होऊन गेली.

आता आडनावांकडे वळते. ती टाकून नुसतं 'जैन' लावायची पद्धत वाढली आहे. त्यामागचं कारण मला कळतं. 2011च्या जनगणनेत देशभरात आपण साडेचव्वेचाळीस लाख, महाराष्ट्रात चौदा लाख. नोंद नीट व्हावी, असं वाटणारच. पण नोंदीसाठी धर्माचा रकाना आहे ना? तिथे ठळक 'जैन' लिहा. आडनावाच्या जागी मात्र तुमच्या घराण्याचा इतिहास आहे. शाह म्हणजे बादशहा नव्हे. साधु, साहू, साह असा तो शब्द घडत आला, आणि णमोकाराच्या पाचव्या पदातला 'साहू' तोच. आपल्या मराठीत चोराच्या उलट तो साव, तोही त्याच मुळाचा, आणि सावकारही. सेठी श्रेष्ठीपासून आलं. दोशी ऐकून शाळेत पोरं चिडवतात, पण त्याचा दोषाशी काही संबंध नाही. दूष्य म्हणजे कापड, कापड विकणारा तो दोशी. कोठारी कोठाराचा, कासलीवाल कासली गावचे. कोरियातलं किम म्हणजे सोनं, चीनमधलं ली म्हणजे आलुबुखाराचं झाड, हे आपली मुलं टीव्हीवरच्या मालिका बघून शिकतात. घरचं मात्र पुसून टाकायचं!

त्याच चीन-कोरियात लग्नानंतर बाई माहेरचं आडनाव सोडत नाही. आपल्याकडे आडनाव तर जातंच, आणि पुष्कळ घरांत अजून पहिलं नावही बदलतात. तांदळाच्या ताटात अंगठीने नवं नाव लिहायचं, सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या. आईवडिलांनी अर्थ बघून, आत्याने कानात कुर्र करून ठेवलेलं नाव एका दुपारी संपतं. मग दहावीच्या प्रमाणपत्रावर एक, आधारवर दुसरं, बँकेत तिसरं काहीतरी, आणि प्रतिज्ञापत्रासाठी कोर्टाबाहेरच्या टायपिस्टपुढे उभं राहायचं.

यात आता नवीन भर पडली आहे. 1 मे 2024 आणि त्यानंतर जन्मलेल्या बाळाच्या सरकारी कागदपत्रांवर आपल्या राज्यात बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असं लिहावं लागतं. आइसलँडमध्ये आईच्या नावावरून मुलाचं नाव पुढे चालवता येतं, तसं थोडंफार आपल्याकडेही आलं. मला मनापासून आनंद झाला. बाळाचं नाव दोन अक्षरी असलं तरी त्याच्यामागे आता आई उभी आहे. पण तिथे कोणती आई लिहायची? माहेरची की तांदळाच्या ताटातली?

घरात लग्न ठरलेल्या सासवांशी माझं एवढंच बोलणं आहे. तांदळाचं ताट हौसेने सजवा, अंगठीही सोन्याचीच घ्या, पण त्यात मुलीने आणलेलं नाव लिहा. काहीजणी म्हणतात, सासूचं आणि सुनेचं नाव एकच निघालं तर हाक कशी मारायची? तसं निघतंही कधीकधी. मग घरात हाक मारताना मोठी-धाकटी म्हणा की! त्यासाठी तिचं आधार कार्ड कशाला बदलायचं?